एडिटिंगच्या खुर्चीवरनं कॅमेऱ्यामागं

आमच्या लाइनीत एडिटर पुढं सरकला की डायरेक्टर होतो, हे सगळ्यांना पटतं. हृषिकेश मुखर्जी बिमल रॉय यांच्याकडं एडिटर होते, राजकुमार हिरानी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटला, एफटीआयआयला, एडिटिंगच शिकले, अशी नावं लोकांच्या तोंडावर असतात. पण एडिटर कॅमेरामन झाला म्हणलं की समोरचा जरा थांबतो आणि विचारतो, का बे, काम मिळंना का एडिटिंगचं? सोलापुरात तर हमखास. काम मिळत होतं, चांगलं मिळत होतं, एसीत बसून मिळत होतं, आणि ते सोडून मे महिन्याच्या उन्हात ४३ डिग्रीला कॅमेरा खांद्यावर घेऊन हिंडायचं हे आमच्या वडलांना आजपण पटलेलं नाही. आयुष्यभर चादरीच्या कारखान्यात मागावर उभं राहिलेल्या माणसाला बसायची नोकरी म्हणजे काय असतं ते मी सांगायची गरज नाही.

सुरुवात लग्नांपासनं. बारावीनंतर नवी पेठेत एका स्टुडिओत लागलो, काम एडिटिंगचं. तेव्हा शूट मिनी डीव्ही टेपवर व्हायचं. ६० मिनिटांची टेप कॉम्प्युटरवर घ्यायला ६० मिनिटंच लागायची, केबल लावा, प्ले करा आणि बसा. एका लग्नाच्या चार-पाच टेपा, त्यात सीझन असला की टेपांची चळत लागलेली. बाकीची पोरं कॅप्चर लावून चहाला जायची, मी मात्र बसून बघायचो, कारण मला बघायला आवडायचं, आणि असं रोज बघून बघून कॅमेरामन ओळखू यायला लागले. टेपवर नाव नसलं तरी सांगायचो हे कुणाचं शूट, एक जण झूम आत नेला की बाहेर आणल्याशिवाय राहायचाच नाही, एकाला हारतुऱ्यांपेक्षा जेवणाच्या पंगतीत जास्त रस, एक जण तर नवरीच्या मैत्रिणींवरनं हलायचाच नाही, तो भाग आम्ही शेठला न विचारता काढून टाकायचो.

सोलापूरची लग्नं तीन-चार भाषांतली. पूर्व भागातली पद्मशाली लग्नं तेलुगूत, लिंगायतांची बरीच कन्नडात, आमची मराठीत. तेलुगू मला गल्लीत खेळून कामापुरतं येतं, कन्नड तेवढंपण नाही. पण कट कुठं मारायचा ते कळायला भाषा लागत नाही, तोंडं बघितली की कळतं. पद्मशाली लग्नात नवरा-नवरी एकमेकांच्या डोक्यावर जिरं-गूळ ठेवतात, जिलकर बेल्लम, तोच मुहूर्त, बाकी काही सुटलं तर चालतं पण तेवढं सुटलं की लग्नाची कॅसेट फुकट. आमच्यात अंतरपाट खाली येतो तो क्षण. आणि नेमकं त्याच वेळी कॅमेरामन भटजींचा क्लोज घेऊन बसलेला. मग मी करणार काय, अक्षता उडतानाचा कुठला तरी शॉट स्लो करायचा, वर सनई चढवायची, गिऱ्हाईक खूश.

पण खरा त्रास शॉटच्या दोन टोकांचा. कॅमेरामन हात हलायच्या आधी रेकॉर्ड बंद करतो किंवा पॅन, म्हणजे आडवा फिरवलेला कॅमेरा, कुठं थांबवायचा तेच ठरवत नाही, फिरतोय आपला फिरतोय. पॅन सुरू व्हायच्या आधी फ्रेम दोन-तीन सेकंद स्थिर पाहिजे आणि संपल्यावरपण तेवढीच पाहिजे, नाहीतर तो शॉट कुठंच लागत नाही. माणूस फ्रेममध्ये यायच्या आधीची मोकळी फ्रेम पाहिजे, गेल्यानंतरची पाहिजे. कॅमेरा पकडायच्या कितीतरी आधी हे सगळं माझ्या डोक्यात बसलं, आणि कुणी शिकवून नाही, शॉट न लागल्याच्या वैतागातनं.

मग पुणं. तिथं डॉक्युमेंटऱ्या, शॉर्ट फिल्म, कंपन्यांचे व्हिडिओ, मिळेल ते कापलं. ही वर्षं भराभर गेली आणि त्याबद्दल सांगण्यासारखं फार नाही, खोलीत पडदे लावून बसायचं, डायरेक्टर मागं सोफ्यावर झोपलेला, असं ते आयुष्य. पण त्याच काळात कॅननचा फाइव्ह डी मार्क टू, व्हिडिओपण काढणारा फोटोचा कॅमेरा, सगळीकडं पसरला. तो आला २००८ ला, पण व्हिडिओ सुरुवातीला सेकंदाला फक्त ३० फ्रेमचा, २४ आणि २५ चं फर्मवेअर आलं २०१० ला. आणि आपल्याकडं वीज ५० हर्ट्झची, म्हणजे जुन्या चोकची ट्यूबलाइट सेकंदाला १०० वेळा कमीजास्त होते, डोळ्याला दिसत नाही पण शटर १/६० ठेवलं की कॅमेऱ्याला दिसतं. ऑफिसातल्या मुलाखती यायच्या त्यात भिंत धडधडतेय, पट्टे वर-खाली फिरताहेत, आणि डायरेक्टर मला म्हणणार, हे काढून टाक. असं निघत नसतं ते. तेव्हा मी शटर, फ्रेम रेट, हर्ट्झ हे सगळं बसून वाचलं, कॅमेऱ्याच्या प्रेमापोटी नाही, भांडण जिंकायला.

कॅमेरा हातात आला तो ओळखीतनं. एका डायरेक्टरची फिल्म मी कापत होतो, त्याला सोलापुरातले काही जोडशॉट पाहिजे होते आणि परत युनिट आणायचं बजेट नव्हतं. तू तिकडचाच आहेस, आणतोस का, असं विचारलं, डीएसएलआर हातात दिला. भुईकोट किल्ल्याची भिंत, सिद्धेश्वर तलावाकाठची गर्दी, पार्क चौकातला संध्याकाळचा ट्रॅफिक असं आणलं. टाइमलाइनवर टाकलं तर प्रत्येक शॉट पहिल्या झटक्यात लागत होता, कारण मी शूट करतानाच तो कुठल्या दोन शॉटच्या मधे बसणार ते धरून घेतला होता. डायरेक्टरनं सगळं बघितलं आणि म्हणाला, कट मस्त होतंय रे, पण बघत बसावंसं वाटत नाही.

हे वाक्य मी बरेच दिवस चघळत होतो. त्याचं बरोबर होतं. एडिटरला शॉट किती वेळ चालवायचा ते कळतं, उजेडाचं कळतंच असं नाही. एडिटरकडं उजेड तयार होऊन येतो. चेहऱ्याच्या डाव्या बाजूला सावली आहे हे मला दिसायचं, पण ती पाडायला कुणी काय केलं, खिडकीला काय लावलं, कुठला लाइट बंद केला, हे टेबलावर बसून कळायला मार्गच नाही. ते शिकायचं असेल तर खुर्ची सोडायला पाहिजे होती आणि खुर्ची सोडायची म्हणजे परत तळापासनं.

तळ म्हणजे अटेंडंट. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो, मुंबईत कॅमेरा भाड्यानं घेतला की त्याच्यासोबत रेंटलवाल्यांची माणसं येतात, ते अटेंडंट. पेट्या उचलायच्या, लेन्स पुसायच्या, बॅटऱ्या चार्जिंगला लावायच्या, फिल्टर मागितला की हातात द्यायचा, आणि डीओपीच्या, म्हणजे मुख्य कॅमेरामनच्या, मागं उभं राहायचं. माझ्याबरोबरची पोरं विशीतली, मी तिशीला टेकलेलो, वर एडिटर म्हणून बऱ्यापैकी नाव झालेलं. सुरुवातीला कुणाला सांगितलंच नाही की मी एडिटर आहे. रात्री सिद्धेश्वर एक्सप्रेसनं सोलापूरला यायचो तेव्हा घरीपण एवढंच सांगायचो की मुंबईत शूटिंगला असतो. पैशाचं म्हणाल तर एडिटिंगला जे मिळायचं त्याच्या निम्मंपण नाही, म्हणून रात्री रूमवर लॅपटॉपवर लग्नं कापायचो, तो सोलापूरचा स्टुडिओ मला हार्ड डिस्क कुरिअरनं पाठवायचा. हे काही त्यागबिग नाही, भाडं भरायचं होतं.

लाइट मला डीओपींनी कमी शिकवला, लाइटदादांनी जास्त. डीओपीला वेळ नसतो, तो वर बघून दोन बोटं हलवतो आणि चार माणसं पळतात. कुठल्या बोटाला कोण पळतं हे बघायचं. एक वयस्कर लाइटदादा होते, सगळे त्यांना मामा म्हणायचे, त्यांना एकदा चहा पिताना विचारलं की मामा, खोलीत आधी कुठला लाइट लावायचा. ते म्हणाले, आधी आहे तो बंद कर. मला वाटलं टाळताहेत. पण खरंच पुढच्या सेटवर त्यांनी तेच केलं, घरातल्या सगळ्या ट्यूब बंद, नुसती खिडकी ठेवली, पाच मिनिटं सगळे उभे, मग एक थर्माकोल चेहऱ्याच्या बाजूला आणि उलट्या बाजूला काळं कापड, झालं. काळ्या कापडाचं काम मला तोवर माहीतच नव्हतं, उजेड वाढवतात एवढंच ठाऊक, कमी करण्यासाठी पण सामान लागतं आणि कटर, स्किमर, नेट असली निम्मी गाडी त्यानंच भरलेली असते हे तिथं कळलं.

त्याच दरम्यान कॅमेरामन सुब्रत मित्रांची गोष्ट ऐकली. सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’साठी, म्हणजे १९५६ च्या पिक्चरसाठी, बनारसच्या घराचं अंगण स्टुडिओत उभं केलं होतं. असल्या अंगणात उजेड वरनं येतो, सगळीकडनं येतो, आणि सावली कुठंच टोकदार पडत नाही. मित्रांनी वर पांढरं कापड ताणलं, दिवे खालनं त्या कापडावर मारले आणि परत आलेल्या उजेडात शूट केलं. बाउन्स लाइट आता लग्नाचा फोटोग्राफरपण वापरतो, पण तेव्हा अशा कामासाठी कुणी फार करत नव्हतं. मला यातलं तंत्र आवडलंच, पण त्याहून जास्त डोक्यात राहिलं ते कापड. म्हणलं, आपण सोलापूरचे, कापडाला काय तोटा.

ते खरंच कामाला आलं. पुढं एका छोट्या डॉक्युमेंटरीत पहिल्यांदा डीओपी म्हणून नाव लागलं, विषय चादरीचे कामगार, जागा अक्कलकोट रोड एमआयडीसीतला एक पावरलूम कारखाना. बजेट असं की लाइटची गाडी विसरा. शेडमध्ये वर पत्र्यात जागोजागी पारदर्शक पत्रे बसवलेले, त्यातनं ऊन थेट खाली, जिथं पडतंय तिथं पांढरं फटक आणि हातभर बाजूला मागवाला काळा. आम्ही गावातनं कोरं मांजरपाट आणलं, शिवून मोठ्ठं केलं आणि मागांच्या वर दोऱ्या बांधून ताणलं. ऊन त्यातनं गाळून खाली आलं, शेडभर एकसारखं. कोरं मांजरपाट जरा पिवळसर असतं त्यामुळं उजेडपण किंचित उबदार झाला, कामगारांच्या रंगाला ते लै शोभलं. मुंबईत हेच कापड मसलिन म्हणून भाड्यानं मिळतं.

ट्यूबलाइट बंद करता येत नव्हत्या, मालक म्हणाला धागा तुटलेला दिसणार कसा, ते बरोबरच आहे. मग शटर. २४ फ्रेमला शटर अँगल, म्हणजे एका फ्रेमला शटर किती वेळ उघडं राहतं ते अंशांत, १८० न ठेवता १७२.८ ठेवला की एक्स्पोजर बरोबर १/५० सेकंद होतं, ५० हर्ट्झच्या विजेशी जुळतं, धडधड गायब. स्लो मोशनसाठी ५० फ्रेमला १८० म्हणजे १/१००, तेपण चालतं. भांडण जिंकण्यासाठी जे वाचलं होतं ते असं वसूल झालं. मागावर आडवा धागा नेणारा धोटा मात्र छळतो, तो इतक्या वेगात जातो की २४ फ्रेमला कधी दिसतो कधी दिसतच नाही. म्हणून धोट्याच्या मागं न लागता मागवाल्याच्या डोळ्यांवर थांबलो, ते धोट्याबरोबर हलत नाहीत, ते कापडावर एकाच ठिकाणी असतात, आणि धागा तुटला की हात आधी जातो, नजर नंतर. हे वडलांना लहानपणापासनं बघितल्यामुळं माहीत होतं, आणि कट करायला त्यापेक्षा चांगली जागा नाही.

कापसाचा भुगा हा वेगळाच प्रकार. हवेत सतत तरंगत असतो, उजेडाच्या विरुद्ध बाजूला कॅमेरा ठेवला की पडद्यावर सुंदर दिसतो, पण लेन्स बदलायला गेलात की सेन्सरवर जाऊन बसतो. आम्ही लेन्स बदलायला दर वेळी बाहेर गाडीत काचा लावून बसायचो. आत एकच झूम.

सोलापूरचं ऊन हा तर स्वतंत्र विषय आहे. सोनीचा ए सेव्हन एस २०१४ ला आला, अंधारात तो कॅमेरा मांजरासारखा बघतो, पण एस-लॉग टू, म्हणजे नंतर रंग सुधारायला सोयीचं फिकट रेकॉर्डिंग, लावला की आयएसओ ३२०० च्या खाली येत नाही. आता हिशोब करा, कडक उन्हात ३२०० ला १/५० शटर ठेवलं तर एफ-१६ वर, लेन्सचं तोंड पार बारीक करून सुद्धा, उजेड सहा स्टॉप जास्त, एक स्टॉप म्हणजे दुप्पट, आणि मला पाहिजे एफ-४, म्हणजे दहा स्टॉपचा एनडी, उजेड कमी करणारी लेन्सपुढची काळी काच. एवढा जाड एनडी लावला की इन्फ्रारेड आत शिरतो आणि काळ्या कपड्यांचा रंग चॉकलेटी येतो. एडिटर असताना मी असल्या चॉकलेटी टोप्या ग्रेडिंगमध्ये, म्हणजे रंग सुधारताना, काळ्या करत तासन्‌तास बसलोय, कारण काय ते माहीत नसताना. इन्फ्रारेड अडवणारा एनडी महाग असतो, पण त्या तासांचे पैसे लावले तर स्वस्तच.

सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेला त्याच्या उलट. संक्रांतीत सात नंदीध्वज, उंच सजवलेल्या काठ्या, निघतात, मानकरी पांढऱ्या बाराबंदीत, आणि डोक्यावर जानेवारीचं स्वच्छ ऊन. चेहऱ्यावर एक्स्पोजर ठेवलं तर बाराबंदी जळून जाते, बाराबंदी वाचवली तर चेहरे काळे. मी बाराबंदी वाचवतो, चेहरा ग्रेडमध्ये वर आणता येतो पण जळलेलं पांढरं परत येत नाही, हे मॉनिटरवर रोज बघितल्याशिवाय एवढ्या खात्रीनं सांगता आलं नसतं. आणि संमती कट्ट्याजवळ सिद्धेश्वराच्या लग्नाच्या अक्षता पडतात तेव्हा, दिड्डम दिड्डम सत्यम सत्यम म्हणत लाखो हात वर जातात, त्या वेळी नवीन कॅमेरामन अक्षतांच्या मागं कॅमेरा उडवतो. कॅमेरा हलवायचाच नाही. आधी एक चेहरा धरून ठेवायचा, हात आपोआप फ्रेममध्ये येतात आणि जातात, एकाच शॉटमध्ये कट मिळतो.

सेटवर एडिटर असण्याचा फायदा सगळ्यात जास्त दोन माणसांच्या सीनला होतो. एकाचा क्लोज ५० च्या लेन्सनं घेतला आणि दुसऱ्याचा ८५ नं, अंतर वेगळं, उंची वेगळी, तर दोघं एका खोलीत आहेत असं वाटतच नाही. मी दोघांना एकच लेन्स, एकच अंतर ठेवतो, नजर कुठं आहे ते चिकटपट्टी लावून खूण करतो. डायरेक्टर विचारतो हे कटेल का, तर उत्तर लगेच देता येतं. संध्याकाळी ऊन जायला लागलं, तीन सेटअप उरले आणि वेळ एकाचाच आहे, तेव्हा कुठला सोडायचा हे ठरवायला एडिटरच बरा.

पण याची दुसरी बाजूपण आहे. डोक्यात कट तयार असला की माणूस तेवढंच शूट करायला लागतो, आणि काही डायरेक्टरांना ते आवडत नाही, त्यांना टेबलावर जाऊन शोधायचं असतं. माझं मत असं की ते बरोबर आहेत. मी एडिटर असताना मला नेमकं तयार जेवण देणाऱ्या कॅमेरामनचा राग यायचा, आपल्याला हात घालायला जागाच नाही. म्हणून आता सीनमध्ये एक शॉट असा घेतोच की ज्याचं काय करायचं ते मला माहीत नाही.

बाहेरच्या जगाला मात्र अजून कळत नाही मला कुठल्या खणात टाकायचं. मुंबईत एडिटरांची असोसिएशन वेगळी, कॅमेरावाल्यांची वेगळी, कार्डं वेगळी. फोन येतात त्यातले निम्मे अजून एडिटिंगचेच असतात. २०१६ ला ‘सैराट’ आला, करमाळ्याकडचा, म्हणजे आपल्याच जिल्ह्यातला, सुधाकर रेड्डी यक्कंटी यांचा कॅमेरा, तर त्यानंतर आपल्याकडं प्रत्येक प्री-वेडिंगला तसंच पाहिजे झालं, विहीर, ऊस, स्लो मोशन. मी ती कामंपण केली. लोक नावं ठेवतात, पण सूर्य मावळताना वीस मिनिटांत काय काय होतं हे जेवढं प्री-वेडिंगनं शिकवलं तेवढं कुठल्या सेटनं नाही, तिथं लाइट नसतात, मामा नसतात, नवरीचा मेकअप घामानं उतरत असतो आणि सूर्य थांबत नाही.

आता पुढचं काम कुंभारीच्या विडी कामगार वसाहतीतलं आहे. एक खोली, एक दार, एक खिडकी, मांडीवर सूप घेऊन बाई विड्या वळतेय, दिवसभर. लाइट नेणार नाही, ते ठरलंय, दारात मांजरपाट आणि भिंतीकडच्या बाजूला काळं कापड एवढंच. तेंदूचं पान कापायच्या कात्रीचा आवाज पाहिजे म्हणून लॅपल, कपड्याला लावायचा माइक, लावून बघितला, तर साडीच घासतेय, मग माइक सुपाच्या खाली बांधला. कापणार दुसराच एक पोरगा आहे, सोलापूरचाच, माझ्यापेक्षा हुशार. त्याला म्हणलं, प्रत्येक शॉटला मागं पाच सेकंद सोडतो, काळजी करू नको. तो म्हणाला, सोडा की, पण त्या पाच सेकंदांत तुम्ही 'मस्त, मस्त' म्हणता ते तेवढं बंद करा, मला रूम टोन, खोलीची नुसती शांतता, पाहिजे.